हाकेच्या खोरीतले मामा

आमच्या शाळेच्या भिंतीवर एक नकाशा होता. छप्पन साली आमचा जिल्हा मध्य प्रदेशातून निघून मुंबई राज्यात गेला, तरी नकाशा बराच काळ तसाच लटकत राहिला. मी पट्टी टेकवून मुलांना सांगायचो, "नकाशा म्हणतो आपण इथे आहोत, पण आपण इथे नाही." मुलांना त्यात काही नवल वाटत नसे. गावापासून तासा-दोन तासांच्या वाटेवर हाकेची खोरी होती. तिथे माणूस जिथे दिसतो तिथे असतोच असं नाही, हे त्यांना मुळाक्षरांच्या आधीपासून ठाऊक होतं.

गाव घाटंजीच्या पुढे, पांढरकवड्याकडे जाणाऱ्या जंगलाच्या काठावर. मी दिग्रसकडचा. नवी नोकरी, नवं गाव, चोविशीतलं वय. राहायला पाटलांच्या घरी पुढची खोली मिळाली होती. जात एक असली तरी आधीची ओळखपाळख काही नव्हती. पाटलांची बायको कधीच वारली होती. एकच मुलगी. तिला थोरल्या भावजयीने, म्हणजे तिच्या मोठ्या आईने वाढवलं होतं.

मी मुळात अपराधी वाटून घेणारा माणूस आहे. ताटात भाजी उरली तरी मला वाटतं, वाढणाऱ्याचा मी अपमान केला. ज्या घराने विश्वासाने खोली दिली, त्या घरातल्या मुलीकडे बघणं मला चोरीसारखं वाटायचं. मी बघत नसे. पण ती अंगणात कपडे वाळत घालत असली की मी वह्या तपासायला नेमका खिडकीशी बसायचो, आणि मग त्या दिवशी मुलांना उगाच जास्त मार्क द्यायचो.

एक गोष्ट मात्र माझ्या लक्षात आली होती. वर्षभरात तिने मला कशानेही हाक मारली नव्हती. सारं गाव मला मास्तर म्हणायचं. ती चहाचा कप उंबऱ्यावर ठेवून भिंतीला सांगायची, "चहा ठेवला हाय." जेवायला वाढलं की भिंतीलाच सांगायची, "पानं घेतली." त्या भिंतीचा मला हेवा वाटायचा. पण ती मला भाऊ म्हणत नाही, दादा म्हणत नाही, एवढ्या एका गोष्टीवर माझं मन वर्षभर तग धरून होतं.

आता खोरीबद्दल सांगतो. काळ्या दगडाच्या दोन टेकड्या, मधे सागाचं दाट रान, आणि खालून जाणारा एक नाला. उन्हाळ्यात नाला आटायचा, पण वाटेच्या डाव्या अंगाला एक डोह कधी आटत नसे. हा नाला चढाकडे वाहतो असं लोक म्हणत. मी विज्ञान शिकवणारा. म्हणून पावसाळ्यात जाऊन पाहिलं. तो चढाकडेच वाहत होता. सकाळी मी उन्हाकडे तोंड करून चालत होतो आणि माझी सावली माझ्या पुढे पडली होती. शाळेचं होकायंत्र हेडमास्तरांना न विचारता खिशात घालून नेलं होतं. त्याची सुई झोप न येणाऱ्या माणसासारखी कूस बदलत होती. घरी आल्यावर ती मुकाट्याने उत्तर दाखवू लागली, आणि मी ते यंत्र मुकाट्याने कपाटात ठेवलं. हेडमास्तरांना ते अजून कळलेलं नाही.

पण खरा धोका होता तो हाकेचा. खोरीत कुणाचं नाव घेतलं की खोरी ते ठेवून घ्यायची. थोड्या वेळाने भलत्याच बाजूने, नाव घेणाऱ्याच्याच आवाजात, ते परत यायचं. माणूस त्या दिशेला चालू लागला की डोहाशी जायचा. काही जण परत आलेच नाहीत. जे आले त्यांच्या दिशा कायमच्या फिरल्या. गावात एक म्हातारा होता. तो जन्मभर पश्चिमेला तोंड करून सूर्याला हात जोडायचा आणि म्हणायचा, "आज ऊन येऊन राह्यलं नाही बाप्पा." संध्याकाळी ऊन समोर आलं की खूश व्हायचा.

म्हणून खोरीत नाव घ्यायचं नाही, नात्याने हाक मारायची. नाव एकाचंच असतं, ते खोरीला धरता येतं. काका मात्र कुणाचा तरी काका असतो. तो ऐकला की माणूस आधी बघतो, आपल्याला काका म्हणणारा आहे कुठे. तेवढ्यात तो वाचतो. खोरीच्या तोंडाशी एक उभा दगड होता. तिथे थांबून प्रत्येकाचं नातं ठरवायचं, आणि एकदा तिथे ठरलेलं, खोरीत हाकेला वापरलेलं नातं जन्मभर पाळायचं, असा रिवाज. बांधाच्या धुऱ्यावरून भांडणारे दोन शेतकरी असेच एकदा मामा-भाचे झाले आणि त्यांचं भांडण कायमचं बुडालं. दिग्रसच्या एका कापूसवाल्याला जवळच्या बंजारा तांड्यातल्या लोकांनी गमतीने जावई म्हटलं, तर तो पुढे दरवर्षी रुसायलाच यायचा.

ही नाती ठरवायचं काम तांड्याच्या म्हाताऱ्या नायकाचं. त्याचे वाडवडील बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून याच खोरीतून जायचे. आता तांड्याची माणसं शेती करत होती, पण कुणाला खोरी ओलांडायची असली की नायकाला बोलावणं जाई. पांढरा फेटा, कानात बाळ्या, आणि बोलताना सारखं हसू मिशीत दाबून ठेवायची सवय.

त्या वैशाखात मोठ्या आईच्या मुलाचं लग्न निघालं. मुलीकडचं गाव खोरीच्या पलीकडे. नवरदेव आणि त्याचे वडील आदल्या दिवशीच बसने यवतमाळवरून मोठा वळसा घालून गेले, कारण नवरदेवाला खोरीतून नेत नाहीत. बाकीचं वऱ्हाड बैलबंड्यांनी निघालं. पाटील म्हणाले, "मास्तर, शाळेले सुटी हाय. एकटे बसून काय करता? चला."

मी गेलो. पहाटे निघालो आणि ऊन वर यायच्या आत दगडापाशी पोचलो. बायकांनी टेंभुर्णीची पिकली फळं, टेंभरं, वेचून ओच्यात भरली. नायक एकेका बंडीपाशी येऊन नाती पक्की करत होता. घरच्यांचं सोपं होतं. आमच्या बंडीत मी एकटाच परका निघालो.

"हे कोन?" नायकाने विचारलं.

"मास्तर हायेत."

"मास्तर चालत नाही. नातं सांगा. ज्याले नातं नाही, त्याले खोरी आपला मानते."

मोठी आई बंडीतूनच म्हणाली, "त्यात काय इचार कराचा? आमच्या पोट्टीले भाऊ नाही. राखी घेऊन कोनाच्या दारात जावं तिनं? मास्तरले भाऊ करून टाका. जन्माचं काम होते."

"झकास," पाटील म्हणाले. "दोघाईचीबी सोय झाली."

नाही म्हणावं तर का, ते सांगावं लागणार. हो म्हणावं तर वर्षभर ज्या धाग्यावर तरलो तो तुटणार. मी म्हणालो, "मी मागून येतो. मी बोलणारच नाही कुणाशी."

"मुका माणूस तं खोरीले लय आवडते," नायक म्हणाला.

मी तिच्याकडे पाहिलं, आणि लगेच मला त्याबद्दल अपराधी वाटलं. ती खाली मान घालून शिदोरीचं फडकं पुन्हा बांधत होती. ते आधीच नीट बांधलेलं होतं. खालीच पाहत ती म्हणाली, "नायकबाबा, गाठ तं बंडीच्या मालकाशी बांधाची असते ना? माह्याशी कायले?"

नायकाने तिच्याकडे जरा निरखून पाहिलं. "पोरगी बरोबर बोलते. एक गाठ मालकाशी बांधली की बाकीच्या आपोआप बसतात. सांगा पाटील, मास्तरनं तुमाले काय म्हनाचं?"

"काका म्हनू द्या."

"काका म्हननारे गावभर हायेत बाबाले," ती शिदोरीला म्हणाली. "मामा म्हननारं कोनीच नाही."

पाटलांना बहीण नव्हती. मोठा रांगडा माणूस, पण चेहऱ्यावर एकदम काहीतरी मऊ आलं. "खरंच बाप्पा," ते म्हणाले. "एवढा म्हातारा झालो, पन मले अजून कोनी मामा म्हनलं नाही. म्हना मास्तर. मामाच म्हना."

"मामा," मी म्हणालो.

"काय हो भाचे?" ते म्हणाले आणि स्वतःच हसले. नायकाचं हसू मिशीत मावेना. तो पुढच्या बंडीकडे गेला. मोठी आई टेंभराची बी थुंकून माझ्याकडे बघत राहिली.

मला यातलं काही कळलं नाही, हे मी प्रामाणिकपणे लिहितो. पाटील मामा झाले म्हणजे ती मामेबहीण झाली, म्हणजे शेवटी बहीणच, एवढाच हिशोब माझ्या डोक्यात झाला. मी बंडीबरोबर पायी चालत खोरीत शिरलो तो तोंड पाडून. सावल्या पुढे पडल्या. उतार लागला, पण पायांना चढ लागत होता. पाखरू बोलायचं उजवीकडे आणि ऐकू यायचं पाठीमागून. नायक माझ्या बाजूने चालत आला आणि हळूच म्हणाला, "मास्तर, एक इचारू? तुमच्यात मामाच्या पोरीवर पह्यला हक्क कोनाचा असते?"

मी चालता चालता थांबलो. भाच्याचा. आमच्याकडे तर मामाची मुलगी बाहेर द्यायची झाली तरी आधी भाच्याला विचारतात. हे मला दुधाच्या दातांपासून माहीत होतं. माझ्या मागून बैल आला आणि त्याचं थोबाड माझ्या पाठीवर आपटलं.

"चाला, चाला," नायक म्हणाला. "इथं थांबाचं नसते."

मी वळून बंडीकडे पाहिलं. ती पदराने वारा घेत आभाळाकडे बघत होती. आभाळात बघण्यासारखं काही नव्हतं. मला एवढा आनंद झाला की तो लपवायला मी दगड उचलून झुडपात फेकला, आणि नायक रागावला, कारण खोरीत दगड मारत नाहीत.

या आनंदातच ती चूक झाली. उताराच्या शेवटी चाक खडकावर चढलं. पाटलांनी कासरा ओढला आणि रोजच्या सवयीने डाव्या बैलाला त्याच्या नावाने हाक मारली.

सारं वऱ्हाड जागच्या जागी थांबलं. माणसांची नाती ठरली होती. बैलांची कुणी ठरवलीच नव्हती. नायकानेसुद्धा कपाळाला हात लावला. जरा वेळ काहीच झालं नाही. मग डावीकडच्या सागातून, लांबून, पाटलांच्याच आवाजात बैलाचं नाव आलं. प्रेमाने, चाऱ्याला बोलवावं तसं.

बैलाने कान टवकारले. एक हिसडा दिला, जुवाची शिवळ, मानेजवळची खुंटी, मोडली, आणि तो मोकळा होऊन रानात शिरला. पाटलांचा त्या बैलावर जीव. तेही बंडीवरून उडी टाकून त्याच्यामागे गेले. दोघंही डोहाच्या बाजूला.

"भाऊजी!" मोठी आई ओरडली. तिची हाक समोरच्या टेकडीवरून उलटी आली, मग मागून आली. "बाबा!" पाटलांची लेक ओरडली. तेही चारी बाजूंनी परत आलं. मी धावलो. धाडसी होतो म्हणून धावलो असं नाही; पाय आपोआप निघाले. "मामा! ओ मामा!" असं ओरडत मी सागातून पळत होतो, आणि पाचोळ्यावर माझ्या पावलांचा आवाज माझ्या पुढे जात होता.

पाटलांनी पुढे कित्येकदा सांगितलं ते असं. रानात शिरल्यावर त्यांना चहूकडून हाका येऊ लागल्या. पाटील, भाऊजी, बाबा, काका. जन्मभर या वाटेने ये-जा केलेली, त्यामुळे या सगळ्या हाका खोरीला पाठ झाल्या होत्या. कुठली खरी, कुठली खोरीची, ते कळेना. फक्त माझ्या आवाजातली मामा ही हाक नवी होती. खोरीने ती अजून शिकली नव्हती. ती एकाच बाजूने येत होती. म्हणून ते थांबले.

मी पोचलो तेव्हा ते डोहाच्या अगदी कडेच्या खडकावर उभे होते. खाली काळं पाणी. बैल शेजारी उभा राहून त्यांचा खांदा चाटत होता. मी त्यांचा दंड धरला. दोघेही धापा टाकत होतो.

"आलात भाचे?" ते म्हणाले.

"आलो मामा."

मग वळून पाहिलं तर वाट नव्हती. ज्या सागातून आलो तो साग सगळीकडे सारखाच. पाटलांची सावली एकीकडे, माझी दुसरीकडे, बैलाची तिसरीकडे. आता मलाही कुठे जायचं ते कळेना. गावात पुढे सांगितलं गेलं की मास्तरांनी पाटलांना परत आणलं. ते अर्धंच खरं आहे. मी नुसता त्यांच्या शेजारी जाऊन हरवलो.

तेवढ्यात हाक आली.

"अहो! आयकलं का?"

एकदाच आली, स्पष्ट, एकाच बाजूने. आवाज तिचा होता. खोरीने परत हाक दिली नाही. या आवाजात हा शब्द खोरीने पूर्वी कधी ऐकलाच नव्हता.

आम्ही तिघेही तिकडे वळलो. थोडं चाललो. मग पाटील थांबले.

"कोनाले म्हनते ती?"

"माहीत नाही, मामा."

ते विचार करत दोन पावलं पुढे गेले. पुन्हा थांबले. "मी तिचा बाप हाय. हा बैल हाय. राह्यलं कोन?"

मी बैलाच्या पाठीवरची माशी हाकलली.

वाटेवर आलो तर निराळाच प्रकार. तिची हाक ऐकून मागच्या-पुढच्या सगळ्या बंड्यांतले नवरे ओ देऊन वळले होते, आणि त्यांच्या बायका त्यांना खडसावत होत्या, "तुमाले नाही म्हनलं कोनी, गुमान बसा." ती बंडीच्या मागच्या बाजूला तोंड झाकून बसली होती. पदरातून फक्त कान दिसत होता, तो लाल झालेला.

बैल पुन्हा जुंपले. मोडक्या शिवळीच्या जागी नायकाने पळसाची काडी खुपसली. बंड्या पुढे निघाल्या. मी बैलाच्या मागे चालत होतो आणि मनात एकच हिशोब: पाटलांच्या घरात अन्न खाल्लं, विश्वास घेतला, आणि हे काय झालं? आणि त्याच वेळी आतून कुणीतरी डफ वाजवत होतं.

खोरीच्या पलीकडच्या तोंडालाही एक दगड आहे. तिथे सगळ्यांनी उतरायचं आणि आत कुणी कुणाला काय हाक मारली ते सांगून नातं पक्कं करायचं. नायक दगडाला टेकून उभा राहिला. एकेक जण सांगत गेला. काका, वहिनी, आत्या, जिजी. आमची बंडी आली.

"मी यांना मामा म्हटलं," मी सांगितलं.

"मी भाचे म्हनलं," पाटील म्हणाले.

"पक्कं," नायक म्हणाला. "आनखी?"

मोठी आई म्हणाली, "आनखी एक हाक हाये. साऱ्या वऱ्हाडानं आयकली. आता कोनी मारली अन कोनाले मारली, ते इचारा. मी म्हातारी हाय, मले कमी आयकू येते."

पाटलांची लेक दगडाच्या आडोशाला उभी होती. मला वाटलं, आता मी बोललं पाहिजे. तिने सगळं केलं होतं. निदान एवढं तरी माझ्या वाट्याला यायला हवं. मी पुढे झालो आणि पाटलांच्या समोर उभा राहिलो. "मामा," मी म्हणालो, "ती हाक माझ्यासाठी होती. निदान ती माझ्यासाठी असावी असं मला वर्षभर वाटतंय. तुमच्या घरात राहून असं वाटलं, याची मला लाज आहे. तुम्ही नाही म्हणालात तर मी आजच बिऱ्हाड हलवतो."

पाटलांनी फेटा काढला, झटकला, पुन्हा घातला. "मास्तर," ते म्हणाले, "मले आधी एक सांगा. मले मामा म्हनाले सांगलं कोनं?"

"पोट्टीनं," मोठी आई म्हणाली.

"अन मी व्हय म्हनलो."

"म्हनले ना. लय खुशीनं."

पाटील लेकीकडे वळले. "म्हंजे तुनं बापाले मामा बनवलं?"

यावर ती पदराआडून म्हणाली, "बनवलं नाही बाबा. तुमी कोनाचे मामा नव्हते, मामा केलं."

नायक एवढा हसला की त्याची बाळी हलली. मग सगळं वऱ्हाड हसलं, आणि पाटीलसुद्धा. त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. खोरीत बैलाने ज्या बाजूचा खांदा चाटला होता, त्याच बाजूचा. बाही अजून ओली होती. "तुमच्या घरी कोन हाय, ते पाहू," ते म्हणाले. "दिग्रसले येतो. पन भाच्याले नाही कसं म्हनावं? पह्यलाच भाचा हाय माहा."

मी मोठ्या आईच्या पाया पडायला वाकलो आणि म्हणालो, "तुम्ही तर मला भाऊ करत होता."

"मंग? तुमी दोघं सालभरापासून भिंतीशी बोलून राह्यलते," ती म्हणाली. "मले पाह्याचं होतं, तोंड कोन उघडते आधी. तुमी काही उघडलं नाही."

हे खरं आहे, आणि त्याबद्दल मला आजही वाईट वाटतं. पन्नाशी आली. खोरीकडची वाट आता मोडली, बस दुसरीकडून जाते. आमच्या संसारात अजूनही बायको मला नावाने हाक मारत नाही, आणि तिने हाक मारली की मी आधी भलतीकडेच वळतो. ती म्हणते, खोरीत माझी दिशा जराशी फिरलीच असणार.

त्या दिवशी दगडापाशी पुन्हा बंडीत बसताना मी पाटलांना हात दिला. "या मामा," मी म्हणालो.

मोठी आई आधीच चढून बसली होती. आमच्याकडे सासऱ्याला मामाजी म्हणतात. ती वरून म्हणाली, "मामा तं खोरीतच झाले, मास्तर. आता फकस्त 'जी' लावाचा राह्यला."